पाट्या लावा, पण खऱ्या

जर्मनीतल्या हॅनोव्हर शहरात पायवाटेवर एक लाल रेघ रंगवलेली आहे. लांबी 4200 मीटर. रेल्वे स्टेशनच्या परिसरातून निघायचं, रेघ धरून चालायचं आणि शहराचा फेरा मारून पुन्हा स्टेशनापाशी यायचं. वाटेत 36 ठिकाणं लागतात. प्रत्येक ठिकाणाला क्रमांक आहे आणि त्या क्रमांकाची हकिकत सांगणारी छोटी पुस्तिका मिळते. गाईड लागत नाही, बस लागत नाही, कुणाची परवानगी लागत नाही. ज्याच्याकडे दोन-तीन तास आहेत त्याला ते शहर स्वतःच्या चालीनं वाचता येतं.

आमच्या नांदेड-लातूरकडची माणसं आता युरोपात जातात. कुणाचा मुलगा तिकडे शिकतो, कुणाची लेक नोकरीला आहे. आई-वडील एकदा तरी जाऊन येतात. एरवी गुडघे धरून बसणारी ही माणसं तिकडे दिवसभर चालतात, भिंतीवरची प्रत्येक पाटी वाचतात, दोनशे वर्षांपूर्वी कुठल्या घरात कोण राहत होतं ते गावी येऊन सांगतात. हीच माणसं आपल्या नांदेड जिल्ह्यातल्या बिलोलीच्या बसस्थानकावर उतरली की आधी ऑटो शोधतात. गावातली दगडी मशीद कुणाच्या नावाची आहे, असं विचारलं तर बहुतेकांना सांगता येत नाही.

मी त्यांना दोष देत नाही. त्यांची चौकस बुद्धी जागी आहे, हे त्यांनी परदेशात दाखवून दिलंय. दोष गावाचा आहे, म्हणजे तुमचा आणि माझा. आपण गावाला कधी बोलू दिलं नाही. एक पाटी नाही, एक नकाशा नाही, एक क्रमांक नाही.

लगेच उत्तर येतं, "बिलोलीत पाहण्यासारखं आहे काय?" या प्रश्नाचा मला राग आहे, आणि तो मी लपवणार नाही. 1943 साली हॅनोव्हरवर बॉम्ब पडले आणि जुन्या शहराचा बहुतांश भाग जळून गेला. युद्धानंतर त्यांच्याकडे ढिगारे होते आणि मोजक्या भिंती होत्या. एगिडियन चर्च त्यांनी मुद्दाम छप्पर न घालता पडक्या अवस्थेत ठेवलं, युद्धात मेलेल्यांचं स्मारक म्हणून. त्या लाल रेघेवर आज ते पडकं चर्चही आहे. म्हणजे ज्या शहराचा इतिहास एका रात्रीत जळाला त्या शहरानं चालण्याचा रस्ता आखला. आणि ज्यांच्यावर एकही बॉम्ब पडला नाही ते आपण विचारतो, आहे काय?

आहे काय, ते सांगतो.

बिलोलीची मशीद आहे. हजरत नवाब सरफराज खान शहीद यांच्या नावानं ती ओळखली जाते. मोगल काळातलं दगडी काम, वय साडेतीनशे वर्षांच्या घरात. दख्खनमध्ये मोगल फौजा कशा पसरल्या, त्यांचे सरदार कुठे स्थिरावले, स्थानिक पाथरवटांच्या हातांनी त्यांनी काय उभं केलं, हे सगळं त्या एका इमारतीपाशी उभं राहून सांगता येतं.

मांजरा आहे. बीड जिल्ह्यातल्या बालाघाटच्या डोंगरात ती उगम पावते, लातुरातून जाते, बीदरमधून जाते, तेलंगणात शिरते, तिथे निजामसागराच्या भिंतीपाशी अडते आणि पुढे वळून आपल्या कडेनं वाहत कंदकुर्तीजवळ गोदावरीला मिळते. 1931 साली पूर्ण झालेलं निजामसागर धरण अली नवाज जंग या हैदराबादच्या मुख्य अभियंत्यानं बांधलं. या नदीवर येसगीला निजामकालीन पूल आहे. पलीकडे बोधन. अश्मक जनपदाची राजधानी म्हणून जुन्या ग्रंथांत जे पोतन येतं, ते म्हणजे हेच बोधन, असं अनेक अभ्यासक मानतात. त्या वाटेवरून बुद्धाच्या काळापासून माणसं चालत आली असणार. आपण मात्र येसगीचं नाव काढतो ते वाळूच्या टिप्परसाठी.

अर्जापूर आहे. 29 ऑक्टोबर 1946 रोजी गोविंदराव पानसरे यांना निजामाच्या बाजूच्या सशस्त्र रझाकारांनी तिथे मारलं. हैदराबाद मुक्तिसंग्रामातले मराठवाड्याचे पहिले हुतात्मे म्हणून त्यांचं नाव घेतलं जातं. 2015 साली कोल्हापुरात ज्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या ते कॉम्रेड गोविंद पानसरे वेगळे. आज आपल्याच तालुक्यातल्या लेकरांची या दोन नावांत गल्लत होते. हुतात्मा पानसरे यांच्या नावाचं महाविद्यालय अर्जापुरात आहे, त्यांच्या नावानं भाषणं होतात. पण नवख्या माणसाला, कुणाला न विचारता, या रस्त्यानं चालत ती कथा समजेल अशी सोय आपण केलेली नाही.

सगरोळी आहे. 1959 साली तिथे संस्कृती संवर्धन मंडळ उभं राहिलं आणि सीमेवरच्या एका खेड्यात शाळा, वसतिगृहं, शेतीचं शिक्षण वाढत गेलं. एक खेडं स्वतःच्या बळावर काय उभं करू शकतं, याचा तो चालता धडा आहे. कोसा-दोन कोसांवर नसलं तरी देगलूरकडे होट्टल आहे, कल्याणीच्या चालुक्यांच्या काळातली सिद्धेश्वराची आणि इतर मंदिरं घेऊन. गो. बं. देगलूरकरांसारख्या अभ्यासकानं मराठवाड्यातल्या मंदिरांवर आयुष्य घातलं. त्यांनी अभ्यास केला, आपण तो वाचलाही नाही आणि दगडापाशी दोन ओळींत लिहूनही ठेवला नाही.

आता कुणी म्हणेल, हे पाट्यांचं आणि पायी फिरण्याचं खूळ गोऱ्यांचं आहे, आपल्याकडे ही रीत नाही. हे साफ खोटं आहे. महानुभाव पंथाची स्थानपोथी घ्या. चक्रधरस्वामी गोदावरीच्या दोन्ही अंगांना गावोगाव फिरले, कुठल्या देवळात उतरले, कुठल्या झाडाखाली बसले, हे पुढच्या पिढ्यांनी विसरू नये म्हणून चौदाव्या शतकाच्या सुमारास हा मराठी ग्रंथ तयार झाला. त्यात गाव आहे, गावाच्या कोणत्या दिशेला देऊळ आहे ते आहे, देवळाचं दार कुठे तोंड करून आहे ते आहे, त्या दारापासून स्वामींची बसायची जागा कोणत्या बाजूला ते आहे. पंथाच्या अनुयायांनी त्या जागांवर ओटे बांधले. पोथी हातात घ्यायची, गाव शोधायचं, दिशा बघायची, ओटा शोधायचा आणि तिथे नमस्कार करायचा. वि. भि. कोलते यांनी संपादित केलेली ती पोथी आजही वाचता येते.

युरोपात गाईडशिवाय हिंडणाऱ्या प्रवाशासाठी जॉन मरे या लंडनच्या प्रकाशकानं हातपुस्तिका काढायला सुरुवात केली ती 1836 साली. आपली स्थानपोथी त्याच्या काही शतकं आधीची. क्रम लावलेल्या जागा, दिशा सांगणारा मजकूर, जागेवर खूण: जे हॅनोव्हरला लाल रंगात आहे ते सगळं मराठीत लिहून ठेवलेलं होतं. ज्या भाषेनं हे केलं त्या भाषेतल्या एका तालुक्याला आज स्वतःचा दोन किलोमीटरचा रस्ता आखता येऊ नये, याची मला लाज वाटते.

मग अडतं कुठे? पैशावर अडतं, असं नगरपरिषदेत ऐकायला मिळतं. मला ते पटत नाही. पत्र्याची पाटी, रंगाचा डबा, छापलेला एक कागद. एका सत्कार समारंभाच्या मांडवात आणि हार-शालींत जेवढं जातं त्यात गावाच्या पाट्या होतात. राज्यघटनेच्या 74 व्या दुरुस्तीनं जोडलेल्या बाराव्या अनुसूचीत नगरपालिकांच्या कामांत सांस्कृतिक आणि शैक्षणिक गोष्टींना चालना देणं स्पष्ट लिहिलेलं आहे. अहमदाबाद महापालिकेनं 1997 साली जुन्या शहरातून पायी फेरी सुरू केली. ती काळूपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून निघते आणि जामा मशिदीपाशी संपते. वीस वर्षांनी, 2017 साली, ते शहर जागतिक वारसा यादीत गेलं. सुरुवात पोळांतल्या, म्हणजे जुन्या मोहल्ल्यांतल्या, गल्ल्यांतून चालण्यानंच झाली होती.

पैशावर नाही, तर मग कशावर अडतं? माझं उत्तर सरळ आहे. आपण खरं लिहायला घाबरतो. पाटी म्हणजे गावाच्या तोंडचं जाहीर वाक्य. ते उद्या प्रत्येकजण वाचणार. मशिदीसमोर काय लिहायचं? पानसऱ्यांना कुणी मारलं ते लिहायचं का? 1948 चं काय? कोण भडकेल, कोण मोर्चा आणेल, कोणाचा फोन येईल? या भीतीपोटी आपण गाव मुकं ठेवलं आहे. आणि गावानं सांगितलं नाही की मोबाइलवर फिरणारे निनावी मजकूर सांगतात. पाटी नसते तिथे अफवा असते. इतिहास लिहिला नाही म्हणून तो शांत बसत नाही, तो वाईट माणसांच्या हाती जातो.

बिलोलीच्या इतिहासातलं अवघड पान कोणतं, हे आपल्याकडच्या प्रत्येक म्हाताऱ्याला ठाऊक आहे. कासिम रझवी हा लातुरात वकिली करणारा माणूस रझाकारांचा पुढारी झाला. नांदेड, लातूर, परभणीच्या खेड्यांतून लूट, जाळपोळ, खून झाले. लोक घरदार सोडून सरहद्दीवरच्या छावण्यांत गेले. जानेवारी 1948 मध्ये आपल्या शेजारच्या उमरीची बँक मुक्तिसंग्रामातल्या तरुणांनी लुटली आणि तो पैसा लढ्यासाठी नेला. 13 सप्टेंबरला भारतीय फौजा आत आल्या, 17 सप्टेंबरला निजामानं शरणागती दिली. मराठवाडा मोकळा झाला. हे आपण अभिमानानं सांगतो आणि सांगायलाच पाहिजे.

पण त्याच पानाची दुसरी बाजू आहे. फौजांच्या या कारवाईच्या, म्हणजे पोलीस ॲक्शनच्या, दिवसांत आणि त्यानंतर संस्थानातल्या मुसलमानांच्या मोठ्या प्रमाणावर कत्तली झाल्या. पंतप्रधान नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांच्या समितीला चौकशीला पाठवलं. समितीनं मृतांचा अंदाज 27 हजार ते 40 हजार असा दिला आणि सर्वाधिक झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर यांच्याबरोबर नांदेडचंही नाव घेतलं. तो अहवाल दशकानुदशकं कपाटात राहिला, 2013 च्या सुमारास तो वाचायला मिळू लागला. मेलेल्यांत बहुसंख्य लोक रझाकार नव्हते. ते शेतकरी होते, विणकर होते, शेजारी होते.

या दोन्ही गोष्टी एकाच मातीत, दोन-तीन वर्षांच्या अंतरात घडल्या. त्यातली एक लिहायची आणि दुसरी पुसायची, हे ज्याला योग्य वाटतं त्यानं गावाचा इतिहास लिहायला घेऊ नये. पानसऱ्यांचं हौतात्म्य दुसरी गोष्ट लिहिल्यानं कणभरही कमी होत नाही. उलट, जुलमी सत्तेविरुद्ध लढणारा माणूस कोणत्या न्यायासाठी लढत होता, ते त्यानं ठळक होतं.

जर्मनांनी हे केलं आहे. गुंटर डेमनिग या कलाकारानं 1990 च्या दशकात एक काम सुरू केलं. हिटलरच्या राजवटीनं ज्यांना मारलं, त्यांच्या शेवटच्या राहत्या घरासमोर पदपथात दहा सेंटीमीटरचा पितळी पत्र्याचा चौकोनी दगड बसवायचा. त्यावर नाव, जन्माचं साल, कुठे नेलं, कधी मारलं. बस्स, एवढंच. 2023 साली अशा दगडांची संख्या एक लाखावर गेली. युरोपातल्या कित्येक शहरांत चालताना ते पायाखाली येतात. ते वाचायला माणसाला मान खाली घालावी लागते. मारणारे आपलेच होते, हे त्यांनी स्वतःच्या रस्त्यावर लिहिलं, आणि त्यामुळे त्यांचं शहर लहान झालं नाही.

लंडनही पाहा. मेडा व्हेलमधल्या हाउली प्लेसच्या 10 क्रमांकाच्या घरावर लोकमान्य टिळकांच्या नावाची निळी पाटी आहे, 1918-19 मध्ये ते तिथे राहिले म्हणून. हायगेटमध्ये क्रॉमवेल ॲव्हेन्यूवरच्या इंडिया हाऊसवर सावरकरांच्या नावाची पाटी आहे. किंग हेन्रीज रोडवरच्या 10 क्रमांकाच्या घरात डॉ. आंबेडकर 1921-22 मध्ये राहिले, त्या घरावरही पाटी आहे; ते घर 2015 साली महाराष्ट्र सरकारनं विकत घेतलं. टिळकांनी आणि सावरकरांनी ज्या साम्राज्याशी वैर धरलं त्याच्याच राजधानीनं त्यांचं नाव भिंतीवर चढवलं. आपलं मन एवढं मोठं का होऊ नये? आपल्याला तर वैऱ्यांचीही नावं लावायची नाहीत, शेजाऱ्यांची लावायची आहेत.

आपल्याकडे पाट्या अजिबात नाहीत असंही नाही. संरक्षित स्मारकासमोर सरकारी फलक असतो. त्यावर काय लिहिलेलं असतं? कोणत्या कायद्याखाली संरक्षित आहे, इजा केली तर किती कैद आणि किती दंड. खाली सही, आदेशावरून. वास्तू कुणाची, कुणी बांधली, का बांधली, तिथे काय घडलं, याला जागा उरत नाही. दंडाची भीती घालून कुणाला दगडाची माया लागत नाही. ज्या लेकराला त्या भिंतीची गोष्ट माहीत आहे, ते तिच्यावर बदाम कोरून नाव लिहीत नाही.

आता मजकूर कुठून आणायचा? तहसीलच्या कपाटात. 2023 साली कुणबी नोंदी शोधायला न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती बसली, तेव्हा मराठवाड्यातल्या तहसिलींमधले जुने बस्ते सोडले गेले. निजामकाळातली उर्दू कागदपत्रं बाहेर आली, मोडीतली बाहेर आली, खासरा पत्रकं बाहेर आली. वाचणारे शोधत लोक वणवण फिरले. एक गरज पडली तर सगळं प्रशासन रात्रीचा दिवस करून जुने कागद वाचू शकतं, हे आपण डोळ्यांनी पाहिलं. तीच कपाटं गावाच्या इतिहासासाठी एकदा उघडा. कोणता रस्ता कधी झाला, कुठला बाजार कुणी वसवला, कोणत्या वाड्यात पूर्वी कचेरी होती, हे त्या बस्त्यांत सापडू शकतं. अनंत भालेराव यांचा हैदराबादच्या स्वातंत्र्यसंग्रामावरचा ग्रंथ आहे, जिल्ह्याचं गॅझेटियर आहे, आणि ऐंशी-नव्वदीतली माणसं अजून हयात आहेत. त्यांची आठवण आजच्या आज लिहून घ्यायला हवी. त्यासाठी निविदा काढायची गरज नाही, वही आणि पेन पुरे.

भाषेचंही बोलू. निलंग्यात जन्मलेले सेतुमाधवराव पगडी फारसी, उर्दू, तेलुगू जाणत होते, गोंडीचा अभ्यास त्यांनी केला होता, हैदराबाद संस्थानात त्यांनी नोकरी केली आणि पुढे महाराष्ट्राच्या गॅझेटियरचं काम पाहिलं. या मुलखाचा इतिहास वाचायला किती भाषा लागतात, ते त्यांच्या एका आयुष्यात दिसतं. बिलोलीच्या बाजारात मराठी, तेलुगू आणि दखनी एका दुकानात बोलली जाते. मग पाटी एकाच भाषेत का? मराठी वर, खाली उर्दू आणि तेलुगू. 1956 साली राज्यं पुन्हा आखली गेली तेव्हा मुधोळ, भैंसा, कुबेर ही मंडळं आणि देगलूर तालुक्यातली बिचकुंदा, जुक्कल ही मंडळं आंध्रकडे गेली, आणि तिकडून किनवट, राजुरा, इस्लापूर आपल्याकडे आलं. सोयरिकी, उधाऱ्या, जत्रा मात्र पूर्वीसारख्याच चालू राहिल्या. येसगीच्या पुलापाशी हे लिहिलं पाहिजे, आणि ते पलीकडून येणाऱ्यालाही वाचता आलं पाहिजे.

रस्ता कसा आखायचा, तेही सांगून टाकतो, म्हणजे सबब उरणार नाही. बसस्थानकापासून सुरुवात, कारण बाहेरचा माणूस तिथेच उतरतो. दीड-दोन किलोमीटरच्या आत मशीद, जुना बाजार, तहसील, न्यायालय बसवायचं. दहा-बारा ठिकाणांच्या पुढे जायचं नाही. प्रत्येक पाटीवर साठ-सत्तर शब्द, आणि खाली लिहिलेलं की ही माहिती कोणत्या नोंदीतून घेतली. जे सिद्ध नाही ते "गावात असं सांगतात" म्हणून वेगळं लिहायचं. आख्यायिकेला आख्यायिका म्हटलं की तिचाही मान राहतो आणि इतिहासाचाही. कुणाचं नाव पाटीवर आलं, कुणाचं नाही, हे ठरवायला गावातल्या सगळ्या वस्त्यांची माणसं बसवायची. दलित वस्तीची, वडारांची, भोयांची गोष्ट त्या रस्त्यावर असलीच पाहिजे. मशीद आणि मंदिर ज्यांनी घडवलं त्यांचे वारस त्याच वस्त्यांत राहत असतील. राजा-नवाबांच्या पाट्या सगळीकडे असतात. पाथरवटाची एक पाटी बिलोलीत लावा.

अर्जापूर, सगरोळी, येसगी हे पायी एका दमात होणारं नाही. त्यांची वेगळी पानं त्याच कागदावर छापायची, एस.टी. कुठून आणि किती वाजता सुटते त्यासकट. कागद पाच-दहा रुपयांना बसस्थानकावरच्या पुस्तकांच्या स्टॉलवर ठेवायचा. शाळांनी आपापली पाटी दत्तक घ्यायची. दर महिन्याला पुसायची, रंग उडाला तर द्यायचा. नववीच्या पोरापोरींनी आठवड्यातून एक तास पाहुण्यांना सोबत करावी. इतिहासाच्या तासाला अफझलखानाच्या वधाची तारीख पाठ करणारं लेकरू स्वतःच्या गल्लीचा इतिहास सांगू लागलं, तर शिक्षकांनी त्याला वीस गुण जास्त द्यावेत, हे मी मनापासून म्हणतो.

आणि तीन गोष्टींशिवाय यातलं काही करू नका. सावली, पाणी, आणि बायकांसाठी स्वच्छ, उघडं असलेलं स्वच्छतागृह. युरोपात बाया दिवसभर चालतात, कारण दर अर्ध्या-पाऊण तासाला त्यांना जायला जागा असते आणि रस्त्यावर कुणी टक लावून बघत नाही. आपल्याकडे शहर पाहणं हा आजवर पुरुषांचा हक्क राहिला आहे. जो रस्ता एकटी बाई निर्धास्त चालू शकत नाही, तो वारसा-मार्ग म्हणून मिरवू नये. मार्च ते जून आपल्याकडे दुपारी चालणं शक्य नाही, हे कबूल करून सकाळच्या वेळा ठरवाव्यात. रस्त्याच्या कडेला कडुनिंब लावावेत. झाड मोठं व्हायला वर्षं लागतात, म्हणून आज लावावेत.

या सगळ्यातून पर्यटन वाढेल, हॉटेलं चालतील, असं आश्वासन मी देणार नाही. बिलोलीत परदेशी पाहुण्यांच्या रांगा लागणार नाहीत. नांदेडला 2008 साली शिखांच्या गुरू-ता-गद्दीच्या त्रिशताब्दीसाठी रस्ते रुंद झाले, पूल झाले, कारण जगभरातून भाविक यायचे होते. बिलोलीत येणारा पाहुणा साधा असेल: नवी बदली होऊन आलेला कारकून, बोधनहून आलेली सून, सुट्टीला आलेला पुण्यातला नातू, कोर्टाच्या तारखेला आलेला शेतकरी, ज्याला पुकारा होईपर्यंत तीन तास काढायचे आहेत. त्या माणसांसाठी हे करायचं आहे. गावात राहणाऱ्या माणसाला आपलं गाव ओळखीचं वाटणं, ही कमाई कुठल्याही हॉटेलच्या गल्ल्यापेक्षा मोठी आहे. आणि ज्याला आपल्या गावाची संपूर्ण गोष्ट माहीत आहे, दुखऱ्या भागासकट, त्याला एका रात्रीत कुणी शेजाऱ्यावर उठवू शकत नाही. मला या पाट्या हव्या आहेत त्या याच कारणासाठी.

म्हणून मागणी ठेवतो, नेमकी. येत्या 17 सप्टेंबरला, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, झेंडावंदन झाल्यावर बिलोलीत भाषणं अर्धी करा आणि पहिल्या तीन पाट्या लावा. पहिली सरफराज खानांच्या मशिदीपाशी. दुसरी अर्जापूरला, गोविंदराव पानसऱ्यांच्या नावाची, त्यांना कुणी आणि का मारलं ते स्पष्ट लिहून. तिसरी तहसीलसमोर, सप्टेंबर 1948 च्या त्या दिवसांत आणि नंतर या तालुक्यात जे निरपराध मारले गेले त्या सगळ्यांची, धर्म न बघता, जेवढी नावं सापडतील तेवढ्यांची. नावं सापडत जातील तशी पाटी वाढवत न्या. अनावरणाला मंत्री बोलावू नका. तिन्ही पाट्यांचे पडदे गावातल्या तीन सर्वांत वयस्कर माणसांनी ओढावेत आणि मजकूर लेकरांनी मोठ्यानं वाचावा. विरोध करायला कुणी आलं, तर त्याला हातातला पुरावा दाखवा, बसवा, ऐका, आणि पाटी तिथेच राहू द्या.